ऐन वेळी आठवणारं वाक्य

प्रेरणादायी वाक्यांचा साठा बहुतेकांकडे असतोच. मोबाइलमधले स्क्रीनशॉट, वहीच्या मागच्या पानावर उतरवलेल्या चार ओळी, कुणीतरी सकाळी पाठवलेला सुविचार. तरीही वाईट बातमी कानावर पडते तेव्हा त्यातलं एकही आठवत नाही. वाचताना अंगावर काटा येणं वेगळं आणि पाय लटपटत असताना तेच वाक्य ओठांवर येणं वेगळं. त्यासाठी वाक्य आधी तयार करून ठेवावं लागतं, आणि या कामाला दोन आठवडे पुरतात.

सुरुवात निवडीपासून. वाक्य मोठ्याने म्हणा आणि मन लगेच काय उलट उत्तर देतं ते ऐका. ‘मी कशालाच घाबरत नाही’ म्हटल्याबरोबर आतून ‘खोटं!’ असं आलं, तर ते वाक्य कितीही देखणं असलं तरी बाद. मानसशास्त्रज्ञ जोअ‍ॅन वुड आणि सहकाऱ्यांनी २००९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात, ज्यांचं स्वतःबद्दलचं मत मुळातच कमी होतं अशांना ‘मी प्रेम करण्याजोगी व्यक्ती आहे’ हे पुन्हा पुन्हा म्हणायला लावलं. ते वाक्य न म्हणणाऱ्या त्यांच्यासारख्याच लोकांपेक्षा त्यांना जास्त वाईट वाटलं. ज्याला आधाराची सर्वांत जास्त गरज, त्यालाच न पटणारं वाक्य बाधतं. म्हणून वाक्याची पट्टी खाली आणायची. ‘मी यातून जिंकूनच बाहेर पडेन’ पटत नसेल, तर ‘आजची संध्याकाळ निभावता येईल’ म्हणून पाहा. मन निमूटपणे ‘हो’ म्हणेल तिथे थांबा.

‘घाबरू नकोस’, ‘रडू नकोस’, ‘खचू नकोस’ ही वाक्यं मात्र मी कुणालाच सुचवत नाही. मानसशास्त्रज्ञ डॅनियल वेग्नर यांनी १९८७ मध्ये लोकांना पांढऱ्या अस्वलाचा विचार करू नका असं सांगितलं आणि अस्वल त्यांच्या मनातून हटेना. नकार पाळायचा तर मनाला आधी नकोशी गोष्ट डोळ्यासमोर आणावी लागते. शिवाय ‘रडू नकोस’ यात काय करायचं ते सांगितलेलंच नाही.

आता एक वाक्य जवळून पाहू. तपासणीचा रिपोर्ट यायचा आहे आणि धास्ती आहे. पहिलं सुचतं ते ‘मी खंबीर आहे.’ यात न पटण्याचा धोका आहे, शिवाय खंबीर माणसाने नेमकं काय करायचं ते कळत नाही. ‘खंबीरपणे सामोरं जायचं’ यात कृतीचा भास आहे, पण हातांना काम नाही. मग त्या क्षणी खरं काय बिघडतं ते विचारायचं. उभ्या उभ्या, घाईघाईत, मधलाच एखादा आकडा वाचला जातो आणि डोकं सैरभैर होतं. तेव्हा वाक्य असं होतं: ‘रिपोर्ट हातात आला की आधी बस, मग वाच.’ वाचायला साधं, भिंतीवर लावण्याजोगं अजिबात नाही. पण यात क्षण आहे, कृती आहे आणि क्रमही आहे.

यातला ‘की’ महत्त्वाचा. ‘अमुक झालं की तमुक कर’ ही घडण आपल्या बोलण्यात इतकी मुरलेली आहे की तिची ताकद लक्षात येत नाही. मानसशास्त्रज्ञ पीटर गोलविट्झर यांनी १९९९ मध्ये नेमका हाच मुद्दा मांडला: नुसता निर्धार करण्यापेक्षा ‘असं घडलं तर हे करायचं’ असं आधीच ठरवलेलं जास्त पाळलं जातं. २००६ मध्ये त्यांनी आणि पास्कल शीरन यांनी ९४ चाचण्यांचे निष्कर्ष एकत्र तपासले, तेव्हाही ते ठळकपणे टिकलं. कारण असं की ऐन वेळी निर्णय घ्यावा लागत नाही. क्षण ओळखीचा वाटतो आणि त्याला बांधलेली कृती आपसूक पुढे येते.

दुसरी खुबी ‘बस’ आणि ‘वाच’ या आज्ञार्थात आहे. मानसशास्त्रज्ञ ईथन क्रॉस यांच्या २०१४ मधल्या प्रयोगांत, तणावाच्या प्रसंगाआधी स्वतःशी ‘मी’ने बोलणाऱ्यांपेक्षा स्वतःचं नाव घेऊन किंवा ‘तू’ म्हणून बोलणारे कमी अस्वस्थ राहिले आणि नंतर त्यांनी स्वतःला कमी कोसलं. मनाला ‘मना’ अशी हाक मारणाऱ्या भाषेला हे नवं वाटू नये. फक्त ‘तू’ मायेचा असतो तसा दटावणीचाही असतो. धाकट्या भावंडाला धीर देताना जो सूर लागतो, त्याच सुरात वाक्य म्हणून पाहा. ‘ऊठ, किती वेळ रडणार’ असा सूर लागला, तर शब्द बदला.

लांबीचं माप श्वासाने घ्या. नाकाने श्वास आत घ्या आणि सावकाश सोडताना वाक्य म्हणा. पाच-सहा सेकंदांत, घाई न करता संपलं पाहिजे. दोन श्वास लागत असतील तर कात्री चालवा. लांबवलेल्या उच्छ्वासाने धडधडही थोडी उतरते, तो फायदा वेगळाच.

मग पाठांतर. इथेच बहुतेकांचं चुकतं, कारण ते वाक्य पुन्हा पुन्हा वाचतात. वाचल्याने ओळख वाढते, आठवण्याचा सराव होत नाही. वाक्य हाताने कार्डावर लिहा, कार्ड पालथं घाला आणि न बघता म्हणा. त्याच संध्याकाळी एकदा, मग दुसऱ्या, चौथ्या, सातव्या आणि चौदाव्या दिवशी. अडखळलात तर आधी आठवायचा प्रयत्न, मगच कार्ड उलटायचं. अशा रीतीने पक्कं केलेलं तणावाखालीही जास्त टिकतं, हे २०१६ च्या एका प्रयोगात दिसलं आहे. दोन-तीनदा तरी जिने चढून धाप लागलेली असताना म्हणून पाहा. खुर्चीत निवांत बसून पाठ केलेलं अनेकदा खुर्चीतच राहतं.

एका वेळी एकच वाक्य घ्या, फार तर तीन. वीस असली तर ऐन वेळी निवडत बसाल. कार्ड जिथे तो क्षण येतो तिथे ठेवा: फाइलच्या आतल्या बाजूला, पर्समध्ये, झोप उडते त्या उशीपाशी. मोबाइलचा वॉलपेपर ही सर्वांत वाईट जागा. दिवसातून शंभरदा नजरेखालून जाणारी गोष्ट आठवड्याभरात दिसेनाशी होते.

हे सगळं स्वतःपुरतं आहे. दुःखात असलेल्याला आपलं आवडतं वाक्य ऐकवू नका. त्याला ते ‘तुझं रडणं आता पुरे’ असं ऐकू येतं. त्याच्या तोंडून सहज निघालेला एखादा शब्द मात्र जपून ठेवावा आणि योग्य वेळी त्याचा त्याला परत द्यावा.

आणि एक हद्द स्पष्ट असू द्या. सलग दोन आठवडे उदासी हटत नसेल, झोप-भूक बिघडली असेल, कशातच रस वाटत नसेल, तर डॉक्टरांना दाखवा. जगणं नको असं वाटत असेल तर दोन आठवडे थांबू नका. त्याच दिवशी जवळच्या माणसाला सांगा आणि त्याला बरोबर घेऊन डॉक्टरांकडे जा. तिथे वाक्याचा उपयोग एवढाच, की ‘अंधारून आलं की फोन उचल’ हे आधीच पाठ असावं, आणि कुणाला फोन करायचा ते कार्डावर लिहिलेलं असावं.

वाक्य वापरलंत की त्या दिवशी कार्डाच्या मागे तारीख आणि चार शब्द लिहा: ‘आठवलं, बसलो’, ‘उशिरा आठवलं’, ‘आठवलं, पण चीड आली’. उशिरा आठवत असेल तर ‘की’च्या आधीचा क्षण चुकलाय, तो आणखी आधीचा घ्या: ‘रिपोर्ट हातात आला की’ ऐवजी ‘लिफाफा दिसला की’. चीड येत असेल तर सूर चुकलाय. आणि ओठ वाक्य म्हणताहेत पण मन भलतीकडेच आहे असं सलग तीनदा झालं, तर ते कार्ड बाजूला ठेवून नवं लिहायला घ्या.