आईचं पोर्ट्रेट, पाचवा आठवडा: एमी शेराल्डचा राखाडी

मंडळी, आईचा चेहरा एकदाचा जमला. मागच्या नोंदीत लिहिलं होतं की त्वचेला हिरवट झाक येतेय. ती गेली.

ज्यांनी आधीच्या नोंदी वाचल्या नाहीत त्यांच्यासाठी: अमेरिकी चित्रकार एमी शेराल्डच्या पद्धतीचा अभ्यास म्हणून हे पोर्ट्रेट करतेय. तिचा जन्म 1973चा, अमेरिकेच्या जॉर्जिया राज्यातल्या कोलंबस शहरातला. ती कृष्णवर्णीय माणसं रंगवते, पण त्यांची त्वचा राखाडी ठेवते, आणि कपडे नि पार्श्वभूमी भरघोस रंगात. 2018 मध्ये वॉशिंग्टनच्या नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीत तिने केलेलं मिशेल ओबामांचं चित्र लागलं, ते बहुतेकांनी पाहिलं असेलच.

हा राखाडी ती काळ्यात नेपल्स यलो, म्हणजे फिकट पिवळा, मिसळून करते. मी ते वाचून आयव्हरी ब्लॅक घेतला आणि तिथेच अडकले. आयव्हरी ब्लॅक मिश्रणात निळ्यासारखा वागतो, त्यात पिवळा पडला की हिरवा डोकावणारच. तीन आठवडे मी पांढरा वाढवत राहिले, तर गाल खडूसारखे दिसायला लागले. शेवटी मार्स ब्लॅक घेतला, तो जरा उबदार असतो. सावलीच्या मिश्रणात पॅलेट नाइफच्या टोकावर मावेल एवढा बर्न्ट सिएना (तांबूस तपकिरी) घातला आणि उजेडाच्या बाजूला पांढऱ्याऐवजी नेपल्स यलोच वाढवला. कानाच्या पाळीपासून हनुवटीपर्यंत पाच छटा आधीच पॅलेटवर कालवून ठेवल्या, कॅनव्हासवर काहीच मिसळलं नाही. आता तो राखाडी मेलेला वाटत नाही, त्याला ऊब आहे.

आईने पाहिलं आणि म्हणाली, "अगं, मला राख फासल्यासारखं का केलंयस?" प्रश्न बरोबर आहे. शेराल्डच्या राखाडीमागे कारण आहे: अमेरिकेत काळा माणूस चित्रात दिसला की आधी त्याचा वर्ण वाचला जातो. तो राखाडी केला की नजर आधी त्याच्या डोळ्यांकडे, उभं राहण्याकडे, कपड्यांकडे जाते. ते कारण माझ्या आईचं नाही. म्हणून हे पोर्ट्रेट फक्त अभ्यासाचं. पुढचं तिच्या खऱ्या गव्हाळ रंगात करणार, तसं तिला सांगितलंय.

बाल्टिमोर म्युझियम ऑफ आर्टमध्ये शेराल्डचं मोठं प्रदर्शन पाहून आले. हे प्रदर्शन खरं तर नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीत व्हायचं होतं. स्वातंत्र्यदेवतेच्या रूपातल्या ट्रान्स स्त्रीचं चित्र वगळलं जाईल अशी चिन्हं दिसल्यावर 2025 मध्ये तिने ते तिथून काढून घेतलं. मला तिचा हा निर्णय फार मोलाचा वाटतो. आणि बाल्टिमोर हे तर तिचंच शहर. इथेच 2004 मध्ये तिने एमएफए (चित्रकलेतली पदव्युत्तर पदवी) केलं, त्याच सुमाराला हृदयविकाराचं निदान झालं. अडतिसाव्या वर्षापर्यंत ती हॉटेलात वेट्रेसचं काम करत होती. डिसेंबर 2012 मध्ये जॉन्स हॉपकिन्स रुग्णालयात तिच्यावर हृदय प्रत्यारोपण झालं. भलामोठा पांढरा कप धरलेल्या मुलीचं चित्र त्यानंतरच्या वर्षातलं. त्याच चित्राने 2016 मध्ये तिला पोर्ट्रेट गॅलरीची राष्ट्रीय स्पर्धा जिंकून दिली, आणि ती जिंकणारी ती पहिली स्त्री. नोकरी सांभाळून रात्री रंगवणाऱ्या आपल्यासारख्यांनी या तारखा लक्षात ठेवाव्यात.

पार्श्वभूमीबद्दल एक. तिची माणसं सपाट रंगापुढे उभी असतात, मागे ना भिंत ना सावली. 2020 मध्ये पोलिसांच्या गोळीबारात मारल्या गेलेल्या ब्रिओना टेलरच्या चित्रात तर अंगावरचा झगा आणि मागचा रंग दोन्ही निळसर हिरवे, तरी आकृती सुटी दिसते. मी आईच्या मागे मोहरीचा पिवळा दिलाय. पहिला हात टर्पेंटाइन जास्त झाल्याने डागाळला. वाळल्यावर दुसरा हात रुंद ब्रशने एकाच दिशेने ओढला, तेव्हा सपाट झाला. इरकलीचा लालभडक पदर त्यावर आत्ताच उठून दिसतोय.

आता आईचे हात रंगवायचे राहिलेत. आई पंधरा दिवसांनी साताऱ्याला परत जाईल, तेव्हा उद्या सकाळी खिडकीपाशी बसवून बांगड्यांसकट फोटो काढून घेते. तुमच्यापैकी कुणी हिरव्या काचेचं प्रतिबिंब राखाडी त्वचेवर रंगवलं असेल तर कसं केलंत ते कळवा.