‘पिलग्रिम’, हेडफोनवर

20 मार्च, रात्री

1991 साली याच तारखेला ब्रिटिश ब्लूज-रॉक गिटारवादक आणि गायक एरिक क्लॅप्टनचा साडेचार वर्षांचा मुलगा कॉनर न्यूयॉर्कमध्ये 53व्या मजल्यावरून पडून गेला. आजच्या दिवशी बहुतेक जण कॉनरच्या आठवणीतलं त्याचं ‘टियर्स इन हेवन’ हे गाणं लावतात. माझ्या लेखी त्या दुःखाचा खरा ऐवज 1998च्या ‘पिलग्रिम’ या अल्बममध्ये आहे.

चौदा गाणी, सुमारे 75 मिनिटं. सहनिर्माता सायमन क्लायमीच्या साथीनं क्लॅप्टननं इथे बराचसा ताल यंत्रावर बांधला आणि ब्लूजवाल्यांना तोच खटकला. त्यात तथ्य आहे. लूप, म्हणजे यंत्रावर फिरत राहणारा तालाचा तुकडा, प्रत्येक आवर्तनात तसाच राहतो; गिटार चढते, ड्रम तिच्यासोबत चढत नाहीत. ‘रिव्हर ऑफ टियर्स’ सात मिनिटांच्या वर चालतं, तिथे हे बोचतं. 2001च्या दौऱ्यातलं तेच गाणं ‘वन मोअर कार, वन मोअर रायडर’ या लाइव्ह अल्बमवर ऐकावं. मागे ड्रमवर स्टीव्ह गॅड असल्यामुळे सोलोला खालून रेटा मिळतो.

‘सर्कस’ला मात्र तो न हलणारा ठेकाच हवा. कॉनरबरोबरच्या शेवटच्या संध्याकाळचं हे गाणं. बापलेक सर्कस बघायला गेले होते. आवाज दबका, ठेका कोरडा. वाद्यं जराही भरून आली असती तर गाणं रडवं झालं असतं.

हेच गाणं जानेवारी 1992मध्ये ब्रे स्टुडिओत ‘अनप्लग्ड’ या अकूस्टिक लाइव्ह अल्बमसाठी वाजलं, अल्बममधून मात्र वगळलं गेलं. ‘पिलग्रिम’मधल्याच ‘माय फादर्स आइज’चंही तेच झालं. ‘अनप्लग्ड’च्या 2013च्या डिलक्स आवृत्तीत ‘सर्कस’ आहे आणि ‘माय फादर्स आइज’चे दोन टेक आहेत. आधी ते दोन टेक ऐकावेत, लगेच 1998चं गाणं. आधीचं हलकं, अकूस्टिक. नंतरच्यात स्लाइड गिटार (तारांवर नळी घसरवून वाजवलेली) हाक मारल्यासारखी येते. क्लॅप्टननं आपल्या वडिलांना कधी पाहिलंच नव्हतं, हे त्या स्लाइडमध्ये जास्त कळतं. ‘सर्कस’बाबत माझा कौल उलटा: 1992चं उघडं रूप सहन होत नाही, म्हणूनच ते मोठं.

फोनच्या स्पीकरवर हा अल्बम लावू नये. खालचा बेस गळतो, हाय-हॅटची (ड्रमच्या झांजांची) टिकटिक तेवढी उरते आणि सगळं पोकळ वाटतं. हेडफोन, आवाज मध्यम. शीर्षकगीतातला चोरटा, वरच्या पट्टीतला आवाज तेव्हाच नीट लागतो.

जपानी आवृत्तीत ‘थीम फ्रॉम अ मूव्ही दॅट नेव्हर हॅपन्ड’ हा वाद्यवृंदाचा जादा तुकडा आहे. सुंदर आहे, पण तेवढ्यासाठी महागडी सीडी घेऊ नये; ते पैसे आधी ‘अनप्लग्ड’च्या डिलक्सवर घालावेत.