उणे दोनानं खाल्लेल्या तीन संध्याकाळी

भाची यंदा दहावीला. तिचं गाव खानापूर तालुक्यात पार आत, पावसाळ्यात बसचा भरवसा नाही, म्हणून शाळेसाठी आमच्याकडं बेळगावात असते. मराठी माध्यम. गणित मी घेतो, म्हणजे दुकान बंद करून आल्यावर जेवढं डोकं शिल्लक असेल तेवढं.

समीकरण होतं वाय = एक्सचा वर्ग − २ एक्स − ३. दिलेले बिंदू त्याच्या आलेखावर आहेत का, ते सांगायचं. बिंदूतला पहिला आकडा एक्सच्या जागी घालायचा, उत्तर दुसऱ्या आकड्याशी जुळलं तर बिंदू आलेखावर. (३, ०) जुळला, (०, −३) जुळला. (−२, ५) ला तिनं ‘नाही’ लिहिलं आणि शिकवणीतल्या सरांनी लाल फुली मारली. नुसती फुली! कुठं चुकलं, एक अक्षर नाही.

"मामा, परत केलं खरं −३च येतंय की."

तिची वही बघितली: ४ − ४ − ३. उत्तर −३. मी मोबाइलवर उणे दोन दाबून वर्गाची खूण दाबली, −४ आलं. पुढं −४ + ४ − ३, म्हणजे पुन्हा −३. दोघांची उत्तरं जुळली म्हटल्यावर मी मांडणीच्या दोन ओळी तपासायच्या सोडून सरांचंच चुकलंय असं घरात जाहीर करून टाकलं. दुसरी संध्याकाळ सरांना काय काय सुनवायचं ते ठरवण्यात गेली.

तिसऱ्या दिवशी खडेबाजारातनं ग्राफ पेपर आणला. एक्स ४ घेतला तर ५, ३ ला ०, २ ला −३, १ ला −४, ० ला −३, −१ ला ०. खोलगट वाटीसारखी रेघ. उजवीकडं जी उंची, तीच डावीकडं. आणि −२ ला आमचं −३ मांडलं तर वाटीचा डावा काठ मुरगळून खाली पडला! पोरगी हसायलाच लागली. समोर ४ ला ५ आहे, तर इथंही ५च हवं.

तेव्हा कुठं चुका सापडल्या. तिनं वर्ग बरोबर केला होता, पण पुढच्या ‘− २ एक्स’मध्ये −२ गुणिले −२ चं −४ लिहिलं होतं. माझ्या मोबाइलनं आधी २ चा वर्ग केला, उणे मागनं लावलं. खरं गणित ४ + ४ − ३ = ५. दोघांच्या वेगवेगळ्या चुकांनी नेमकं एकच चुकीचं उत्तर दिलं होतं.

म्हणून ऋण आकडा घालताना कंस घालाच, वहीतही आणि मोबाइलवरही. आणि पहिला आकडा एक्सचाच. (५, −२) घातलं तर १२ येतं, मग बसा शोधत.

सुधारलेलं गणित दाखवलं, सरांनी बरोबरची खूण केली. तीही नुसतीच.

हां, पट्टीचं राहिलं. असल्या वाकड्या आलेखाचे बिंदू पट्टीनं जोडू नका. भाचीनं (०, −३) आणि (१, −४) पट्टीनं जोडले, तर (०.५, −३.५) बरोबर रेघेवर दिसायला लागला. आकडा घालून बघितला, −३.७५ आलं. बिंदू आलेखावर नाहीच.