डोक्यावरची रेघ

स्मरणिकेसाठी काहीतरी लिही, असा निरोप मला मिळेपर्यंत स्नेहसंमेलन, सहल आणि मैदान हे विषय वर्गमित्रांनी आपसांत वाटून घेतले होते. माझ्या वाट्याला एक रेघ उरली. आवर्ती दशांशात, म्हणजे तेच अंक पुन्हापुन्हा येत राहतात तिथे, त्या अंकांच्या डोक्यावर देतात ती, जेमतेम नखाएवढी. तक्रार नाही. शाळेतलं मला सगळ्यात लख्ख आठवतं ते तेच.

नववीत परिमेय संख्यांचं दशांश रूप आलं. अपूर्णांक अतिसंक्षिप्त करून घ्यायचा. छेदाचे मूळ अवयव फक्त २ आणि ५ असतील तर भागाकार संपतो, नाहीतर संपत नाही. हे पटलं. १/३ म्हणजे ०.३३३…, एकच ३ लिहायचा, वर रेघ द्यायची, सुटलो! कधीच न संपणारं गणित एका फटकाऱ्यात मिटवता येतं म्हटल्यावर आम्ही आळशी लोक दिसेल त्या अंकाच्या डोक्यावर रेघ मारत सुटलो.

मी पहिला आपटलो १/६ ला. भागाकार आला ०.१६६६… आणि मी १ व ६ दोघांवर मिळून रेघ दिली. वही परत आली तर फुली नाही. उत्तराखाली लाल शाईनं ०.१६१६१६… लिहून सरांनी विचारलं होतं, ‘हे तर १६/९९ झाले. तुला हेच म्हणायचंय?’ बिचारा १ एकदाच येऊन गेला होता, मी त्यालाही फेऱ्यात ओढलं. बरोबर उत्तर ०.१६̅, रेघ फक्त ६ वर.

पण खरी मजा एक छेद सतराची. सरांनी तो फळ्यावर लिहिला आणि खिडकीपाशी जाऊन उभे राहिले. शून्य, पाच, आठ, आठ. दोन आठ दिसताच आमच्या रांगेतल्या चौघांनी ८ वर रेघ देऊन वह्या मिटल्या. सर आले, माझी वही उघडली. “पहिल्या आठनंतर बाकी किती?”

“चौदा.”

“दुसऱ्या आठनंतर?”

“चार.”

“मग? परत काय आलं?”

आठ परत आला होता, बाकी नाही. “रेघ अंक बघून द्यायची नाही, बाकी बघून द्यायची,” एवढंच बोलून ते पुढच्या बाकाकडे गेले. नंतर सगळ्यांना प्रत्येक पायरीची बाकी समासात पेन्सिलीनं मांडायला लावली. १, १०, १५, १४, ४, ६, ९, ५… मध्येच भागाकारात लागोपाठ दोन १ आले, तेव्हा मात्र कुणी फसलं नाही. सतरानं भागल्यावर शून्य सोडून बाक्या उरतात सोळाच, त्यामुळे कधी ना कधी जुनी बाकी परत यावीच लागते. इथे सगळ्या सोळा संपल्या आणि मग सुरुवातीचा १ उगवला. समासात जागा उरली नव्हती. उत्तर ०.०५८८२३५२९४११७६४७, आणि दशांशचिन्हापुढच्या सोळाही अंकांवर एक लांबलचक रेघ. ती मी पट्टी लावून काढली होती, आणि वरून अभिमानानं दोनदा गिरवली.

घरी त्या सोळा अंकांचे मी मधोमध दोन तुकडे केले, ०५८८२३५२ आणि ९४११७६४७, आणि सहज बेरीज केली. आठच्या आठ ९! दुसऱ्या दिवशी सरांना दाखवलं तर म्हणाले, “आता सातचं करून बघ.” १/७ म्हणजे ०.१४२८५७…, तेव्हा १४२ अधिक ८५७. केलंच असणार तुम्ही मनातल्या मनात.

०.९̅ म्हणजे चक्क १, यावरून वर्गात दोन तट पडले होते तो किस्सा राहू दे. काही जण भेटलं की अजून मानत नाहीत. दहा पट करून मूळ संख्या वजा करा, ९ पट बरोबर ९ येतं, याहून जास्त मी काही सांगू शकत नाही.

आता संपादक मंडळाला एक विनंती. या मजकुराच्या छपाईत रेघा सरकण्याची दाट शक्यता आहे. काही ठिकाणी रेघेऐवजी आवर्ती भागाच्या पहिल्या आणि शेवटच्या अंकावर टिंब देतात. अगदीच जमेना तर तसं करा. पण १/६ ची रेघ मुद्रितशोधनात दोनदा तपासा. ती चुकून १ वर गेली, तर सर लाल पेन घेऊन बसतील, आणि या वयात मला पुन्हा ‘तुला हेच म्हणायचंय?’ ऐकून घ्यावं लागेल.