तुम्ही विचारलंत म्हणून: लागत नाही का?

लग्नात, रिक्षात, ऑडिशनच्या रांगेत, कुठेही मी सिनेमात नायिकेच्या जागी स्टंट करते हे कळलं की पुढचा प्रश्न ठरलेला: "एवढं पडता-झडता, लागत नाही का?"

लागतं हो. न लागायला काय झालं? फक्त कुठे लागून घ्यायचं ते आधी ठरवायचं. जिन्यावरून गडगडताना मांडी, दंड, खांद्यामागचा मांसल भाग पायऱ्यांना द्यायचा. हनुवटी छातीशी, श्वास सोडत जायचं आणि हात टेकायचा मोह आवरायचा, नाहीतर मनगट गेलंच म्हणून समजा. पुरुषांचं बरं असतं, जीन्सखाली पॅड खपून जातात. नायिकेची डुप्लिकेट म्हणजे बिनबाह्यांचा ब्लाउज आणि शिफॉन! पॅड लपवणार कुठे? पूर्वी तर नायिकेच्या जागी विग घातलेला पुरुषच उभा करायचे. पण 'शोले'त (१९७५) टांगा पळवताना हेमा मालिनींच्या जागी स्टंट करणाऱ्या रेश्मा पठाण होत्या. तो टांगा उलटला तेव्हा त्या खरोखर जखमी झाल्या.

मी अभिनयही करते, छोट्या, स्वतंत्र सिनेमांत. मुंबईत जिथे ऑडिशन चालतात त्या आरामनगरात "नॉट फिट" ऐकून कान किटले, पण आवड जात नाही. डुप्लिकेटचं काम करताना माझा चेहरा दिसला की टेक वाया. छोट्या सिनेमांत पडतेही मीच आणि पडल्यावरचा चेहराही माझाच.

भीती वाटते ती इथेच. मोठ्या सेटवर स्टंट बसवणारा फाइट मास्टर असतो. त्याची माणसं रिकामे पुठ्ठ्याचे खोके रचतात, वर गाद्या टाकतात, दोरी न् दोरी ओढून बघतात. छोट्या सिनेमाचा दिग्दर्शक लाडात येऊन म्हणतो, "ताई, तू आहेस ना, मग मास्टर कशाला?" पैसे नाहीत, हे मला कळतं. पण गोष्ट नुसती पैशांची नाही. २०१६ मध्ये बंगळूरजवळ तिप्पगोंडनहळ्ळीच्या जलाशयात एका शूटिंगला हेलिकॉप्टरमधून उडी मारलेले दोन नट बुडून गेले. अंगावर लाइफ जॅकेट नव्हती. हेलिकॉप्टर परवडलं होतं.

अक्षय कुमारच्या पुढाकाराने २०१७ मध्ये मुंबईच्या स्टंट कलाकारांसाठी विमा सुरू झाला, ते फार चांगलं झालं. माझ्या करारात मात्र बहुतेक वेळा नुसतं 'अभिनेत्री' असतं, आणि पैसेही तेवढेच, तेही नव्वद दिवसांनी.

म्हणून हल्ली पडण्याचं मी वेगळं लिहून घेते: किती फुटांवरून, किती टेक, खोके कोण रचणार. काहींना ते नखरे वाटतात, ते दुसरी नटी बघतात. बघू देत. तिला डुप्लिकेट लागतेच, आणि तो फोन बऱ्याचदा मलाच येतो.