तुम्ही विचारलंत म्हणून: सिनेमाचा एडिटर एवढे महिने करतो तरी काय?

"नको ते कापायचं आणि उरलेलं जोडायचं, त्याला सहा-आठ महिने कशाला हवेत हो?" हे मला लग्नात विचारतात, बँकेत विचारतात, एकदा तर दाताच्या डॉक्टरांनी विचारलं, माझ्या तोंडात ड्रिल चालू असताना. तेव्हा उत्तर देता आलं नाही म्हणून आता देतो.

अर्धा वेळ नुसता बघण्यात जातो. दोन तासांच्या सिनेमासाठी शंभर तासांचं फुटेज येणं आता काही नवल राहिलेलं नाही, आणि ते सगळं बघावं लागतं, शिवाय पहिल्यांदा बघताना जे वाटलं ते तिथल्या तिथे लिहून ठेवावं लागतं कारण तसं परत कधीच वाटत नाही, पन्नासाव्या खेपेला विनोदावर हसू येत नाही आणि रडक्या सीनला जांभई येते. मग सगळे सीन स्क्रिप्टप्रमाणे ओळीने लावायचे. ही असेंब्ली बहुतेक वेळा लांबलचक आणि कंटाळवाणी होते आणि ती बघून डायरेक्टरचा चेहरा पडतो. तिथून पुढे खरं काम.

एका सेकंदात 24 फ्रेम, म्हणजे 24 सुटी चित्रं. 'लॉरेन्स ऑफ अरेबिया' (1962) मधला जळत्या काडीवरून थेट वाळवंटातल्या सूर्योदयावर जाणारा कट आठवतो? स्क्रिप्टमध्ये तिथे डिझॉल्व्ह होता, म्हणजे एक शॉट विरत विरत दुसरा उमटणं. पण तेव्हा डिझॉल्व्ह लॅबमध्ये करून आणायला लागायचा, त्यामुळे नुसते जोडलेले दोन शॉट बघितले गेले आणि तेच आवडले. डायरेक्टर डेव्हिड लीन यांनी एडिटर ॲन कोट्स यांना तो कट आणखी नेटका करायला सांगितला आणि बाईंनी जेमतेम दोन फ्रेम काढल्या. म्हणजे सेकंदाचा बारावा भाग! आमचे महिने असल्या ठिकाणी जातात.

मी असिस्टंट होतो तेव्हाची गोष्ट. काम काय, तर साऊंड सिंक करा (आवाज चित्राशी जुळवा), क्लिपना नावं द्या, बॅकअप घ्या. मी जरा जास्तच शहाणा, प्रत्येक टेक 'ॲक्शन'पासून 'कट'पर्यंत छाटून स्वच्छ बिन, म्हणजे क्लिपांचे फोल्डर, लावून ठेवले. सरांनी, म्हणजे ज्यांच्या हाताखाली होतो त्या एडिटरनी, उघडून बघितलं आणि म्हणाले, "क्लॅपच्या आधीचं कुठंय?" क्लॅप म्हणजे टेक सुरू होताना कॅमेऱ्यासमोर वाजवतात ती पाटी. मला वाटलं मस्करी करतायत. मुकाट्याने सगळं परत काढलं, रात्र गेली त्यात.

त्या सिनेमात एका माणसाला भाऊ गेल्याचं फोनवर कळतं. नऊ टेक होते आणि नऊच्या नऊ टेकमध्ये नटाने जीव तोडून दुःख केलेलं, त्यामुळे एकही खरा वाटेना. सर चौथ्या टेकच्या आधीच्या भागात गेले. कॅमेरा चालू, क्लॅप अजून व्हायचीय, नट कुठेतरी वर बघत थांबलाय, तोंड किंचित उघडं. तेवढा तीन सेकंदांचा तुकडा उचलला, फोनवरचा आवाज त्याच्यावर ओढला, आणि रूममध्ये कोणी काही बोललंच नाही.

प्रीमियरनंतर तो नट मला म्हणाला, "चौथा टेक मस्त गेला होता ना?" मी हो म्हटलं. त्या तीन सेकंदांत तो, शिडीवर चढलेला लाईटमन पडतोय की काय, ते बघत होता.