सुरभिची कार्डं आणि आमचा खण

नागपूर आर.एम.एस.मध्ये, म्हणजे रेल्वेच्या टपाल सेवेत, मी सॉर्टर होतो, टपाल गावांप्रमाणे वेगळं करणारा. मुंबई-हावडा आणि दिल्ली-मद्रास, दोन्ही रेल्वेमार्गांचं टपाल आमच्या स्टेशनावर उतरायचं. लोक टीव्हीवर काय बघतात हे आम्हाला त्यांनी कार्यक्रमांना धाडलेल्या पोस्टकार्डांवरून कळायचं.

दूरदर्शनचं मुंबई केंद्र १९७२ साली सुरू झालं. तिथल्या 'गजरा' या कार्यक्रमाची तारीफ आम्ही मुंबईच्या पाहुण्यांच्या तोंडून ऐकायचो, तेवढंच. राष्ट्रीय कार्यक्रम १९८२ला सुरू झाला, त्यानंतर आमच्याकडे टीव्ही रुळला. म्हणून मॅगझिन कार्यक्रम, म्हणजे निरनिराळ्या विषयांचे छोटे तुकडे जोडलेला कार्यक्रम, म्हटलं की मला आठवतो १९९०चा 'सुरभि'. सूत्रसंचालक सिद्धार्थ काक आणि रेणुका शहाणे. लोककला, जुनं देऊळ, एखादा अवलिया कारागीर. एक तुकडा संपला की दुसरा. आईला देवळाचा हवा, पोट्ट्यांना भलताच काही, पण उठायचं कोणी नाही. आपला तुकडा कधी येईल याचा काय नेम!

त्यात एक प्रश्न असायचा. उत्तर पोस्टकार्डावर पाठवायचं, सोडतीत नाव निघालं की देशातल्या एखाद्या भागाची सहल.

मग काटोल, उमरेड, आर्वी, गोंदियाचे शिक्के घेऊन कार्डांचा लोंढा यायचा. अक्षर एकाच हाताचं आणि नावं मात्र निरनिराळी, घरातल्या प्रत्येकाच्या नावे एकेक. एका कार्डावर हळदीचा अंगठा उमटलेला, शेजारी निळ्या शाईचा मोर. आधी ही कार्डं बाकीच्या टपालात जायची. टपाल लावायचे खण भरून खाली सांडायला लागली, तेव्हा आम्ही सुरभिला वेगळा खणच देऊन टाकला. गठ्ठा वीतभर झाला की सुतळी आवळायची, वर लेबल, की थैलीत.

एका आठवड्यात १४ लाखांवर पत्रं आल्याचं सांगतात. लोकांना नवल वाटतं, मला नाही. त्यातली कितीतरी माझ्या हातून गेली आहेत.

तेव्हा साधं कार्ड १५ पैशांचं, टपाल खात्याला तोट्याचं. म्हणून पुढे स्पर्धेसाठी २ रुपयांचं वेगळं कार्ड निघालं. खात्याचा माणूस असूनही मला ते पटलं नाही, आजही पटत नाही. टीव्हीवाल्यांशी बोलायची खेड्यातल्या पोरांना तेवढीच एक वाट होती. पाच माणसांच्या घराचं जे काम पाऊण रुपयात होत होतं, त्याला आता दहा रुपये लागायला लागले.